चौदा नव्व्याण्णव

पैशांचं मला काही नाही. चौदा युरो नव्व्याण्णव सेंट गेले म्हणून हानोव्हरमध्ये कुणी उपाशी मरत नाही. पण त्याच्या खालच्या ओळीत आणखी सव्वीस सेंट होते, ‘परदेशी व्यवहार शुल्क’ म्हणून, आणि ते वाचून माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे चोराने घर फोडायचं आणि त्याच्या जाण्यायेण्याचं भाडंही आम्हीच भरायचं! ते कार्ड आम्ही सहा वर्षांपूर्वी नॉर्वेच्या बोटीच्या सहलीसाठी काढलं होतं, कारण बोटीवर रोख चालत नव्हती. सहल झाली, आल्मुटला तिन्ही दिवस बोट लागली, परत आल्यावर कार्ड पासपोर्टांबरोबर खणात गेलं ते गेलंच. त्यामुळे ऑक्टोबरातल्या त्या मंगळवारी बँकेचं पाकीट आलं तेव्हा मला वाटलं, जाहिरात असेल. जिन्यात उभ्याउभ्याच पत्रपेटीच्या किल्लीने फोडलं. व्यवहार एक. आर-व्ही-एल-एक्स, तालिन. सॉफ्टवेअर, मासिक वर्गणी. तालिन! मी जन्मात तालिनला गेलो नाही आणि आता जाणारही नाही.

आल्मुट स्वयंपाकघरात केकसाठी आलुबुखारांच्या बिया काढत बसली होती. बोटं जांभळी, गळ्याला तो निळा रुमाल, आणि रुमालावरून पट्ट्याने लटकणारा टॅब. मागच्या वर्षी ऑगस्टमध्ये डॉक्टरांनी तिचं स्वरयंत्र काढलं. आता ती गळ्याच्या भोकातून श्वास घेते आणि टॅबवर टाइप करून बोलते. बोलता यावं म्हणून घशात झडप बसवून बघितली, टिकली नाही. टॅब मात्र तिच्याच आवाजात बोलतो, तिच्या आजारापूर्वीच्या, खर्जाकडे झुकणाऱ्या, जरा नाकातल्या आवाजात. हे कसं काय, याची मी कधी चौकशी केली नव्हती. चौकशी हा माझा अडतीस वर्षांचा धंदा. वजनमाप खात्यात होतो, शहरातला प्रत्येक तराजू मला ओळखायचा. पण बायकोच्या गळ्यात लटकणाऱ्या त्या वस्तूची चौकशी करावी असं वाटलं नाही. टॅबचे पैसे विमा कंपनी देते, असं ती म्हणाली होती, तेवढं मला पुरलं होतं. खरं सांगायचं तर तो आवाज ऐकला की मला पाठ फिरवून उभं राहावंसं वाटायचं. पाठ फिरवली की घरात सगळं पूर्वीसारखं असायचं, आणि समोर वळलं की तिचे ओठ मिटलेले असायचे. ‘‘तू तालिनहून काही मागवलंस का?’’ मी कागद तिच्या नाकासमोर धरला. तिने हात पुसले, चष्मा लावला, दोनदा वाचलं. टॅब म्हणाला, ‘‘तालिन कुठे आलं?’’ आणि मग थोड्या वेळाने, कारण तिची बोटं अजून सावकाश चालतात, ‘‘चौदा युरोसाठी परत इन्स्पेक्टर झालास वाटतं.’’ ती हसली. तिच्या हसण्याला आता आवाज नाही, नुसते खांदे हलतात आणि गळ्यापाशी हवेची शिटी वाजते. मी म्हणालो, ‘‘चौदा नाही. पंधरा पंचवीस.’’

बँकेला मी तिच्यासमोरच फोन लावला. फ्राऊ यिल्दिझ नावाची मुलगी होती, आवाजावरून तिशीची असेल. ‘‘हेर ब्रुन्स, आधी घरात विचारून बघा ना,’’ ती म्हणाली. ‘‘बरेचदा घरातलंच कुणीतरी काहीतरी चालू करतं, पहिलं वर्ष फुकट असतं, मग आपोआप पैसे कापायला लागतात. लोक विसरून जातात हो.’’ मी म्हणालो, ‘‘बाई, घरात मी आणि माझी बायको. आणि माझ्या बायकोला साधं बोलता येत नाही, ती कुठून वर्गण्या लावणार?’’ खिडकी उघडी होती, खाली अंगणात कोपऱ्यावरचा म्हातारा सायकलीला हवा भरत होता. आल्मुटने टॅबवरचं एक बटण दाबलं. ‘‘एकहार्ट, लोक ऐकतायत.’’ पलीकडून फ्राऊ यिल्दिझ म्हणाली, ‘‘अहो, बोलतायत की त्या. किती छान आवाज आहे.’’ मी तिला म्हणालो, आवाजाचं राहू द्या, कार्ड बंद करा आणि रक्कम परत मागवा. तिने कार्ड बंद केलं. तक्रार नोंदवली. आणि त्यावर समाधान मानून मी फोन ठेवला असता तर आज मी हे सांगत बसलो नसतो.

पण मी तसला माणूस नाही. लिमर रस्त्यावर ओल्टमान्स म्हणून मासळीवाला होता. त्याच्या काट्यावर चार ग्रॅम कमी भरायचे. चारच. मी काट्याला सील ठोकलं तो शुक्रवार होता, दुकानात रांग होती. तो म्हणाला, ‘‘हेर ब्रुन्स, चार ग्रॅम म्हणजे नुसता गुंडाळायचा कागद हो.’’ मी म्हणालो, ‘‘मग कागद फुकट देत जा.’’ रांगेतले लोक हसले. त्याची बायको बर्फावरचे मासे उचलून पेटीत भरत रडत होती, हातमोजे न घालता, तिची बोटं लालभडक झालेली मला अजून दिसतात. वर्षभरात दुकान बंद पडलं. आल्मुट तिथूनच मासे आणायची. तिने त्या संध्याकाळी मला एवढंच विचारलं होतं, की शनिवारी सील ठोकलं असतंस तर काय बिघडलं असतं? मी तिला समजावून सांगितलं की शुक्रवारी रांग असते म्हणूनच शुक्रवारी जायचं असतं, लोकांनी बघायला पाहिजे. तिने माझ्याकडे असं काही बघितलं की मी बटाट्यात मीठ कमी आहे म्हणून ओरडलो. मीठ बरोबर होतं.

तर मी तालिनला पत्र लिहिलं. रजिस्टर्ड. नुसते पैसे परत द्या एवढं लिहून आपल्याकडे कुणी थांबत नाही, कायदा हाताशी असतो तो कशाला? माझ्या नावाखाली तुमच्याकडे जी काही माहिती आहे तिची पूर्ण यादी मला द्या, आणि नंतर ती सगळी, अक्षरशः सगळी, कायमची पुसून टाका, असं मी कलमांसकट लिहिलं. माझ्या वयाच्या प्रत्येक जर्मन माणसाला ती कलमं तोंडपाठ असतात. आमच्या आईबापांच्या नावाने कुठे कुठे कसल्या फायली उघडलेल्या होत्या ते आम्ही ऐकत वाढलो. माझं नाव कुणाच्या खणात राहता कामा नये. पत्र लिहिताना मला किती बरं वाटत होतं, ते लपवायचं कशाला? निवृत्तीनंतरच्या सहा वर्षांत पहिल्यांदा मी टेबलाशी ताठ बसलो होतो. आल्मुटने केकचा तुकडा आणून ठेवला, माझ्या खांद्यावरून डोकावली, आणि टॅब म्हणाला, ‘‘बिचारं तालिन.’’ मलाही हसू आलं. तेवढी एक दुपार आमची चांगली गेली.

उत्तर दहाव्या दिवशी आलं, मेलवर. आमच्या दोघांचा मिळून एकच मेलपत्ता आहे, ब्रुन्स-कुटुंब म्हणून. आमच्या पिढीतल्या जोडप्यांचा असतो तसाच, नवराबायकोचं वेगळं वेगळं काय असायचंय? पण संगणक माझ्या खोलीत, आणि आल्मुट रविवारीच बघते, ब्रेमेनहून वीप्केने, म्हणजे आमच्या मुलीने, फोटो धाडले असतील तर. तो गुरुवार होता. पत्र नम्र होतं, बाईच्या सहीचं. आपली मागणी आम्हाला मान्य आहे. खातं एकहार्ट ब्रुन्स या नावाने आहे. पहिलं वर्ष कर्करुग्णांच्या संघटनेमार्फत विनामूल्य होतं, त्यानंतरची वर्गणी कार्डातून घेतली, ती आम्ही परत करत आहोत. मागणीनुसार साठवलेल्या माहितीची यादी सोबत: आवाजाचे नमुने, वाक्ये तीनशे बारा, आणि त्यावरून तयार केलेला आवाज, एक. चौदा दिवसांनी, एक नोव्हेंबरला सकाळी, हे सर्व पुसलं जाईल आणि नंतर आम्हालाही परत आणता येणार नाही. तोपर्यंत आवाज चालू राहील. विचार बदलल्यास कळवावं, मात्र आवाज ही शरीराची माहिती असल्यामुळे ज्या व्यक्तीचा तो आवाज आहे तिने स्वतः आपल्या यंत्रावरून होकार द्यावा लागेल. मी ते तीनदा वाचलं. भिंतीपलीकडे आल्मुट टॅबकडून एक वाक्य पुन्हा पुन्हा म्हणवून घेत होती, कुठलीतरी गोष्ट होती, त्यात एक कोल्हा होता.

मग मला सगळं आठवायला लागलं, एकदम नाही, एकेक. ऑपरेशनच्या आधी हॉस्पिटलातली ती सल्लागार बाई, पत्रकं घेऊन आलेली, म्हणत होती की अजून तीन आठवडे आहेत, आवाज साठवून ठेवा, तीनेकशे वाक्यं वाचावी लागतात, विमा मात्र यातलं काही देत नाही. आणि मी म्हणालो होतो, ‘‘कशाला? चव्वेचाळीस वर्षं ऐकतोय, मला पाठ आहे.’’ विनोद होता तो. बाई हसली होती, नोकरीचा भाग म्हणून. आल्मुट हसली नव्हती, तिने पत्रकाची घडी घालून पर्समध्ये ठेवली. नंतरचे तीन आठवडे ती रोज रेल्वे रुळांपलीकडच्या आमच्या बागेच्या तुकड्यावर जायची, घेवडा तोडायला म्हणून, आणि मूठभर शेंगा घेऊन चार तासांनी घसा बसवून परत यायची. मी विचारलं होतं, ‘‘मूठभर घेवड्याला चार तास?’’ ती म्हणाली, ‘‘किडलाय यंदा.’’ हे तिच्या खऱ्या गळ्यातून आलेल्या शेवटच्या वाक्यांपैकी एक, आणि ते खोटं होतं. बागेतल्या अवजारांच्या लाकडी खोलीत, फावडी आणि खताच्या गोण्यांमध्ये बसून तिने तीनशे बारा वाक्यं वाचली. अर्ज भरताना नावाच्या रकान्यात कार्डावर जे नाव होतं ते घातलं, माझं. मेलपत्ता घातला, आमचा. फुकट आहे म्हणाले, तिने विश्वास ठेवला, विसरली. लबाडी कुणाचीच नव्हती. मी उठून तिला सांगायला हवं होतं, उठलोही होतो. पण यादी उघडलेली होती, आणि यादी समोर असताना ती शेवटपर्यंत न वाचता उठणं मला जमत नाही.

पहिली अडीचशे वाक्यं कंपनीची होती. उद्या दुपारी पाऊस पडेल. मला एक कप कॉफी हवी आहे. स्टेशन कुठल्या बाजूला आहे? उरलेली बासष्ट तिची स्वतःची, एका बटणावर यायची, म्हणून तिने मुद्दाम वाचून ठेवलेली. वीप्के, माझ्या सोन्या, घरी पोचलीस की कळव. वीप्के, तू लहानपणी हसायचीस ना, तशी परत हस. ज्या बाळाचा तेव्हा पत्ताही नव्हता त्याच्यासाठी सहा: ये, आजीजवळ ये, घाबरू नकोस, हा आजीचाच आवाज आहे. त्सेले गावात राहणाऱ्या तिच्या बहिणीसाठी आठ. शेजारच्या फ्राऊ कोशनिकसाठी तीन, एकात तिच्या गुडघ्याची चौकशी. बाग राखणाऱ्याच्या मेलेल्या कुत्र्याच्या नावाचंसुद्धा एक होतं, त्याने नवीन आणला तर त्याला हाक मारायला असेल. मी माझं नाव शोधत खाली आलो. चार होती. एकहार्ट, खिडकी लाव. एकहार्ट, हळू. एकहार्ट, लोक ऐकतायत. पुरे आता, एकहार्ट.

ही चारही मी वर्षभर ऐकत होतो. माझी समजूत अशी की मी काहीतरी करतो, ती चिडते, टाइप करते. आता कळलं की नाही, ती ऑपरेशनच्या आधी, गळा शाबूत असताना, उन्हात त्या लाकडी खोलीत बसली आणि तिने हिशेब केला की पुढच्या आयुष्यात या माणसाला आपल्याला काय काय सांगावं लागेल, आणि तो चार ओळींत मिटला. चव्वेचाळीस वर्षं. मी पिणारा नाही, हात उचलणारा नाही, पगार दर महिन्याला तिच्या हातात. हॉस्पिटलात एकवीस दिवस मी त्या प्लास्टिकच्या खुर्चीवर बसलो, तिच्या गळ्यातून येणारा तो फेस नर्स नसली की मीच पुसला. कुत्र्याला एक गोड वाक्य, आणि मला खिडकी! मला इतकं लागलं की मी चक्क हसलो. मग मी मेल पुसला. पुसलेल्यांच्या पेटीतूनही पुसला. का, ते विचारू नका, हात आपोआप गेला. तेवढ्यात तिने दारावर टकटक केलं, जेवायला. साडेसहा वाजले होते. ब्रेड, चीज, खारवलेली काकडी.

चौदा दिवस म्हणजे पुष्कळ होतात. मी रोज सकाळी ठरवायचो की आज सांगू. पण आधी मला बघायचं होतं. तराजू तपासायला जाताना आम्ही दुकानदाराला कधी कळवत नसू, तसंच हे. तिने मला उद्देशून एक तरी वाक्य, त्या चारांतलं नसलेलं, आपणहून बोललं, की मी त्याच क्षणी सगळं सांगून टाकणार, होकाराचं बटण दाबायला लावणार, पंधरा युरो महिना मरेपर्यंत भरणार. असा मी सौदा केला, तिला न विचारता. आणि मग मी तो आवाज ऐकायला लागलो, वर्षभरात पहिल्यांदा, तिच्याकडे तोंड करून. किती वेळा ती ‘खिडकी लाव’चं बटण दाबते ते मोजायला लागलो. पहिल्या आठवड्यात नऊ. तिचा श्वास त्या भोकातून चालतो, गार हवा थेट आत जाते, तिला खोकला येतो, म्हणून ती खिडकी लावायला सांगते, हे मला माहीत होतं. तरी मी खिडकी उघडी ठेवायचो, आणि मोजायचो.

नवव्या दिवशी तिने ताट सरकवलं, माझ्याकडे बघत बसली, आणि सावकाश टाइप केलं. ‘‘एकहार्ट, तू जेवत नाहीस. काय होतंय तुला?’’ घ्या. हेच तर मला पाहिजे होतं. आवाजात ती जुनी ओळखीची चढण होती, प्रश्नाच्या शेवटी जराशी वर जाणारी, जिच्यासाठी मी एके काळी त्सेलेच्या नाचगाण्यात तीन तास भिंतीला टेकून उभा होतो. आणि मी म्हणालो, ‘‘काही नाही. मीठ जास्त झालंय.’’ कारण आता सांगायचं म्हणजे नऊ दिवसांचंही सांगावं लागणार होतं. पहिल्या दिवशी सांगितलं असतं तर मी चुकलेला माणूस झालो असतो. नवव्या दिवशी मी कोण होतो, ते मला तिच्या तोंडावर वाचायचं नव्हतं. तिने माझ्या ताटातला बटाटा उचलून चाखला आणि डोकं हलवलं.

बाराव्या दिवशी वीप्केचा फोन आला, चेहरा दिसतो तसला. तिला डिसेंबरात बाळ होणार होतं. फोन तिने पोटावर टेकवून ठेवला होता आणि आल्मुट टॅबला गोष्ट सांगायला लावत होती, त्या कोल्ह्याची. तीन आठवडे ती एकेक वाक्य घोटून बसवत होती, कुठे थांबायचं, कुठे हळू व्हायचं, टॅबला ते आपोआप कळत नाही, प्रत्येक जागी खुणा कराव्या लागतात. मी दारात उभा होतो. वीप्के हसत ओरडली, ‘‘आई, थांब थांब, परत म्हण ते! तू बोलायला लागलीस की लाथ मारतं गं, खरंच!’’ आल्मुटने परत म्हटलं. तिच्या गळ्यापाशी शिटी वाजत होती, खांदे हलत होते. मग वीप्केला मी दिसलो. ‘‘पपा, तुम्ही का तोंड पाडून उभे? तुमच्या तालिनवाल्यांचं काय झालं? आई सांगत होती.’’ मी म्हणालो, ‘‘चाललंय.’’ ‘‘सोडा हो आता! चौदा युरो ना? मी देते, जा.’’ आल्मुटने डोळे मोठे करून तिला गप्प राहायची खूण केली, जशी ती वीप्के सात वर्षांची असताना करायची, पपांना चिडवू नकोस म्हणून. त्या दोघी माझ्याबद्दल अशा खुणांनी बोलतात, आवाज लागत नाही त्याला.

चौदावा दिवस सुट्टीचा होता, एकतीस ऑक्टोबर, दुकानं बंद, रस्ता रिकामा. मी सकाळपासून घरभर फिरत होतो. दाढी केली. स्वच्छ शर्ट घातला. दुपारी चारच्या सुमाराला मी स्वयंपाकघरात गेलो आणि खुर्ची ओढून तिच्या समोर बसलो. वाक्य मी घोटून आणलं होतं. ‘‘आल्मुट,’’ मी म्हणालो, ‘‘ते तालिनचं, त्या पैशांचं जे पत्र मी लिहिलं होतं ना—’’ तिने कोबी चिरता चिरता सुरी खाली ठेवली. डोळे मिटले. दोन आठवडे या माणसाने हेच चालवलंय, असा तिचा चेहरा. आणि बोट टॅबकडे गेलं, न बघता, कारण ते बटण कुठे आहे ते तिच्या बोटाला ठाऊक होतं. ‘‘पुरे आता, एकहार्ट.’’ मी तिचा हात धरू शकलो असतो. ‘नाही, ऐक, तुझा आवाज आहे तो,’ एवढे सहा शब्द. संध्याकाळ अख्खी पडली होती. पण मला काय वाटलं, ते जसंच्या तसं सांगतो: मला सुटल्यासारखं वाटलं. तिनेच सांगितलं ना, पुरे. मी उठलो, खुर्ची जागेवर ठेवली, आणि खिडकी उघडी होती ती लावली. तिने ‘थँक यू’ म्हणून मान हलवली.

सकाळी मी आधीच जागा होतो. स्वयंपाकघरातून एक मुलगी बोलत असल्याचं ऐकू आलं. विशी-बाविशीची, टवटवीत, दुकानात अत्तर विकायला उभ्या असतात त्यांच्यातली. ‘‘सुप्रभात एकहार्ट. सुप्रभात एकहार्ट. सुप्रभात.’’ मी गेलो तेव्हा आल्मुट टॅब दोन्ही हातांत धरून उभी होती. तिने तो बंद केला, चालू केला. बाजू दाबून बघितल्या. झग्याच्या टोकाने काच पुसली, काचेवर काही बसल्यामुळे आवाज अडकला असावा तशी. मग टाइप केलं, आणि ती मुलगी आनंदाने म्हणाली, ‘‘माझा आवाज कुठे गेला?’’ आल्मुट माझ्याकडे बघत होती. तिच्या डोळ्यांत माझ्यावरचा संशय, राग, काही नव्हतं. असतं तर मी बोललो असतो, असं मला अजून वाटतं. तिथे नुसती खात्री होती, की घरात वस्तू बिघडली की एकहार्ट बघतो. तिने बटणं दाबून पाहिली. खिडकीचं, हळूचं, सगळ्या बासष्टांची. सगळी त्या मुलीने खुशीत म्हणून दाखवली. ‘‘ये, आजीजवळ ये, घाबरू नकोस, हा आजीचाच आवाज आहे,’’ हे ऐकून आल्मुट खालीच बसली.

‘‘थांब,’’ मी म्हणालो. ‘‘कंपनीला फोन करतो. या लोकांना असं सोडायचं नसतं.’’ आणि मी फोन उचलला. आकडे दाबले, कुठलेतरी, पण हिरवं बटण दाबलं नाही. कानाला लावला. आत काही नव्हतं, समुद्रासारखं वगैरेही काही नाही, नुसतं प्लास्टिक. ‘‘हॅलो? बाई, मी हानोव्हरहून ब्रुन्स बोलतोय,’’ मी म्हणालो, आणि माझा आवाज आपोआप चढला, अडतीस वर्षांची सवय. ‘‘हा काय प्रकार आहे? माझ्या बायकोचा आवाज तुमच्या मशिनीतून गेलाय! नाही, तुम्ही ऐका! आजारी बाई आहे ती! लाज नाही वाटत?’’ मी खरोखर चिडलो होतो. डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि त्यातलं काही म्हणजे काही खोटं नव्हतं. आल्मुट उठून माझ्याजवळ आली, माझ्या बाहीवर हात ठेवला. ती मुलगी म्हणाली, ‘‘तिच्यावर ओरडू नकोस. तिची काय चूक?’’ मी फोनमध्ये म्हणालो, ‘‘एक मिनिट हं, बाई.’’ तिने पुन्हा टाइप केलं. ‘‘मला दे. मी बोलते.’’ मी म्हणालो, ‘‘अगं, राहू दे, मी बघतो ना.’’ तिने मान हलवली आणि फोन धरलेला माझा हात मनगटाशी पकडून टॅबच्या तोंडापाशी नेला.

मग ती उभ्याउभ्या टाइप करायला लागली, आणि मी फोन धरून उभा राहिलो. तिला वेळ लागत होता. घाई केली की अक्षरं चुकतात, ती पुसायची, परत लिहायची. प्रत्येक वाक्य झालं की ती मुलगी ते म्हणायची. ‘‘नमस्कार. माझं नाव आल्मुट ब्रुन्स. हा माझा आवाज नाही.’’ थांबली. ‘‘माझा जरा जाडा आहे.’’ पुन्हा थांबली. ‘‘माझ्या नवऱ्याचं बोलणं मनावर घेऊ नका. तो माझ्यासाठी घाबरलाय. डिसेंबरात मला नातवंड होणार आहे. पैसे राहिले असतील तर आम्ही भरू. कृपा करा.’’ तिने माझ्याकडे बघितलं, बोटाने फोन माझ्या कानाकडे ढकलला, पलीकडून काय म्हणतात ते ऐक म्हणून. मी कानाला लावला. हूं म्हणालो. हूं, हूं. बरं. मग तो ठेवून दिला.

‘‘काय म्हणाल्या?’’ त्या मुलीने विचारलं.

‘‘बघतो म्हणाल्या,’’ मी म्हणालो. ‘‘फार चांगली बाई होती.’’

आल्मुटने डोळे पुसले आणि माझ्यासाठी कॉफी ठेवली.